एक लांबलेले शुद्धिपत्र

संपादकाच्या मेजावर येणाऱ्या कागदांत शुद्धिपत्राला नेहमी शेवटचे स्थान मिळते. अंक छापून होतो, टपालात पडतो, आणि मग ध्यानात येते की अमक्या पृष्ठावर सन चुकला किंवा तमक्या छायाचित्राखाली नाव चुकले. पुढील अंकाच्या एखाद्या कोपऱ्यात दोन ओळी छापल्या की आपले कर्तव्य संपले, असे आम्ही मानतो. काही चुका मात्र दोन ओळींत मावत नाहीत. तशी एक चूक माझ्या हातून काही वर्षांपूर्वी झाली. तिच्याविषयी आपल्यापैकी कोणाचेही पत्र आले नाही. कारण ती ओळखण्याचे साधन आपल्याजवळ नव्हते, आणि खरे सांगायचे तर माझ्याजवळही नव्हते.

मी एका जपानी गोष्टीचे इंग्रजीवरून मराठीत भाषांतर केले होते. गोष्टीतील म्हातारा आणि म्हातारी सायंकाळी भाताच्या वाडग्यांसमोर बसतात, हात जोडतात, एक शब्द उच्चारतात आणि जेवू लागतात. इंग्रजी भाषांतरकाराने त्या शब्दाच्या जागी 'चला, जेवू या' अशा अर्थाचे वाक्य घातले होते. मीही तेच घातले. हात जोडून 'चला, जेवू या' असे कोण म्हणते, हा प्रश्न मला तेव्हाच पडावयास हवा होता. परंतु अंक छापखान्यात जाण्याची घाई होती, आणि प्रश्न पडला नाही.

नोव्हेंबर २०२३ मध्ये मला जपानला जाण्याचा योग आला. महाविद्यालयातील माझा एक मित्र ओसाका शहरी नोकरी करतो. त्याच्या घरी आठवडाभर राहावयाचे ठरले. माझी आई इंदूरला असते. निघण्यापूर्वी तिचा निरोप घ्यावयास गेलो, तेव्हा तिचा चातुर्मास चालू होता. कांदा, लसूण, वांगे हे सारे तिने नेहमीप्रमाणे सोडले होते. ती मला इतकेच म्हणाली, "परमुलुखात तुझे हाल होतील, पण मांसमच्छी तेवढी टाळ." मी शब्द दिला. आपल्यापैकी अनेकांच्या घरी मासे आनंदाने शिजतात, हे मी जाणतो, आणि त्यात मला काही वावगे वाटत नाही. माझ्यापुरता प्रश्न माशाचा नव्हता, आईला दिलेल्या शब्दाचा होता.

ओसाकाहून क्योतो आगगाडीने अर्ध्या तासाच्या अंतरावर आहे. इसवी सन ७९४ पासून एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धापर्यंत सम्राटांचा निवास येथेच होता. असे शहर एका दिवसात पाहणे म्हणजे पंढरीला जाऊन कळसाचे दर्शन घेण्यासारखेच. परंतु माझ्याजवळ एकच दिवस होता. म्हणून मार्गदर्शकासह चालत फिरण्याच्या एका सहलीत मी नाव नोंदविले. त्या सहलीतील दुपारचे जेवण बौद्ध मठांच्या पद्धतीचे, पूर्ण शाकाहारी असणार होते, हेही निवडीचे एक कारण होते. सकाळी स्थानकावर पोहोचलो तेव्हा थंडी होती आणि भूक लागली होती. एका लहानशा उपाहारगृहात चित्र पाहून मी उदोन, म्हणजे गव्हाच्या जाड शेवयांचा वाडगा मागविला. चित्रात शेवयांवर कांद्याची पात तेवढी दिसत होती. तो कढत, सोनेरी रस्सा मी शेवटच्या थेंबापर्यंत प्यालो.

आमच्या मार्गदर्शिका सत्तरीच्या घरातील निवृत्त शिक्षिका होत्या. आम्ही नऊ प्रवासी होतो. त्यांनी प्रत्येकाला वाकून नमस्कार केला आणि आम्हांला प्रथम सान्जूसान्गेन्दो या मंदिरात नेले. ११६४ साली बांधलेले हे मंदिर पुढे आगीत जळाले आणि १२६६ मध्ये पुन्हा उभे राहिले. सुमारे १२० मीटर लांबीच्या त्या एकाच लाकडी दालनात कान्नोन देवतेच्या १००१ मूर्ती आहेत. कान्नोन म्हणजे आपला अवलोकितेश्वर. मूर्तींना अकरा मुखे आहेत. मुंबईजवळ कान्हेरीच्या ४१ क्रमांकाच्या लेण्यात असाच अकरा मुखांचा अवलोकितेश्वर कोरलेला आहे, हे मला तेथे उभे असताना आठवले. पुढील रांगेत अठ्ठावीस रक्षक देवता आहेत. त्यांत गरुड आहे, इंद्र आहे, ब्रह्मा आहे. नावे जपानी झाली आहेत, चेहरे जपानी झाले आहेत, पण ओळख पुसलेली नाही. भाषांतराचा धंदा करणाऱ्या माणसाला तेथे नम्र वाटल्यावाचून राहत नाही. हे काम करणाऱ्यांनी घाई केलेली दिसत नव्हती.

तेथून आम्ही निशिकी बाजारात गेलो. हा बाजार म्हणजे सुमारे चारशे मीटर लांबीची एक अरुंद गल्ली आहे. वर लाल, पिवळ्या, हिरव्या रंगांचे छप्पर, आणि दोन्ही बाजूंस शंभराहून अधिक दुकाने. क्योतोचे लोक याला शहराचे स्वयंपाकघर म्हणतात. क्योतो तीन बाजूंनी डोंगरांनी वेढलेले आणि समुद्रापासून दूर. जुन्या काळी ताजी मासळी येथवर पोहोचणे कठीण असे. उत्तरेच्या किनाऱ्यावरून मिठात मुरविलेले मासे डोंगरवाटांनी पाठीवर वाहून आणीत. म्हणून या नगरीने भाज्या, सोयाबीन, सुकविलेले आणि खारविलेले जिन्नस यांतूनच आपली पाककला घडविली. तांदळाच्या कोंड्यात पुरलेले मुळे आणि वांगी, तापविलेल्या सोयाबीनच्या दुधावर धरणारी 'युबा' नावाची साय, पांढरा गोडसर मिसो, हे सारे तेथे मांडलेले होते. चालता चालता खाऊ नये, अशी विनंती करणाऱ्या पाट्याही होत्या. 'उभ्याने खाऊ नये' म्हणून दटावणारी आमची आजी तेथे असती, तर तिने त्या पाट्यांना मान डोलावली असती.

एका दुकानापाशी बाई थांबल्या. दुकानदार लाकडाच्या ढलप्यासारखी एक तपकिरी वस्तू रंध्यावर घाशीत होता आणि खाली गुलाबी, कागदासारखे पातळ कीस पडत होता. "हे कात्सुओबुशी," बाई म्हणाल्या. "बोनिटो मासा उकडून, धुरावर वाळवून, बुरशी चढवून असा टणक करतात. समुद्रशेवाळाच्या वाळलेल्या पट्ट्यांबरोबर, म्हणजे कोम्बूबरोबर, हा कीस पाण्यात घातला की दाशी तयार होते. आमच्या बहुतेक सर्व रश्शांत, सारांत आणि शेवयांच्या वाडग्यांत हीच दाशी असते."

त्यांनी बशी माझ्यापुढे धरली. तो वास मला ओळखीचा वाटला. सकाळी मी ज्याचा थेंबही शिल्लक ठेवला नव्हता, त्याच रश्शाचा तो वास होता.

मी न राहवून बाईंना सर्व हकीकत सांगितली. त्या हसल्या नाहीत. त्यांनी दोन्ही हात समोर घेऊन खोल वाकून माझी क्षमा मागितली. जणू तो वाडगा त्यांनीच मला वाढला होता. मी ओशाळलो. चूक माझी होती. विचारण्यास मला जीभ होती. तरी त्या म्हणाल्या, "आपल्या मातोश्रींना आपण शब्द दिला होता आणि आमच्या गावात तो मोडला. मला वाईट वाटणारच."

वाटेत त्यांनी मला दाशीविषयी आणखी सांगितले. ते मुद्दाम नमूद करतो, कारण आपल्या घरातील गृहिणींना त्यात रस वाटेल. गोड, आंबट, खारट आणि कडू या चवींपलीकडे या रश्शात आणखी एक चव आहे, असे तोक्योच्या विद्यापीठातील रसायनशास्त्रज्ञ किकुनाए इकेदा यांना वाटले. १९०८ साली त्यांनी कोम्बूमधून ती चव देणारे द्रव्य, ग्लुटामेट, वेगळे केले आणि त्या चवीला 'उमामी' असे नाव दिले. पिकलेल्या टोमॅटोतही ही चव असते. तेव्हा मासा नसला तरी चव उणी पडत नाही. केवळ कोम्बू आणि वाळलेली शिइताके अळंबी यांचीही दाशी होते. "आता दुपारी आपण तीच घेणार आहोत," बाई म्हणाल्या.

कामो नदीचा पूल ओलांडून आम्ही एका लहान मंदिरात शिरलो. पादत्राणे काढून आत जावे, हे आपल्याला कोणी शिकवावयास नको. परंतु तेथे एक अधिक बारीक सोवळे आहे. लाकडी व्हरांड्यात सपाता घालावयाच्या, चटयांच्या खोलीत त्याही काढावयाच्या, आणि शौचगृहासाठी निराळ्या सपाता असतात. हात धुऊन मी त्या निराळ्या सपाता तशाच पायांत ठेवून ऐटीने व्हरांड्यात आलो. नऊजणांचे डोळे एकदम माझ्या पायांकडे वळले. विटाळ या कल्पनेवर एके काळी मी आईशी तावातावाने वाद घातला होता. त्या क्षणी मात्र मी विजेच्या वेगाने मागे फिरलो.

जेवण शोजिन र्‍योरी या पद्धतीचे होते. 'शोजिन' ही अक्षरे बौद्ध ग्रंथांतील 'वीर्य' या संस्कृत शब्दाच्या भाषांतरासाठी योजली गेली. येथे वीर्य म्हणजे चिकाटीने, उत्साहाने केलेला प्रयत्न. म्हणजे शाकाहार हा या नावाचा मूळ अर्थ नव्हे. मन लावून केलेला, मन लावून खाल्लेला स्वयंपाक हा त्याचा रोख आहे. झेन पंथाचे आचार्य दोगेन यांनी १२३७ साली मठातील मुख्य आचाऱ्यासाठी एक स्वतंत्र ग्रंथ लिहिला. आचाऱ्याचे काम हीसुद्धा साधना आहे, असे त्यांनी त्यात मांडले. 'झेन' हा शब्द आपल्या 'ध्यान' शब्दाचाच चीनमार्गे झालेला अवतार, हे आपणांस ठाऊक असेलच. या जेवणात मांस-मासा तर नसतोच, पण कांदा आणि लसूणही वर्ज्य असतात. बाईंनी हे सांगितले तेव्हा मला हसू आले. इतक्या दूर येऊन मी आईच्या चातुर्मासाच्या पानावर बसलो होतो.

समोर लाखेची तांबडी पात्रे मांडली होती. त्यांत तिळाचा 'गोमादोफू' होता. नावात दोफू असला तरी त्यात सोयाबीन नसते. तीळ वाटून, एका कंदाच्या पिठाबरोबर आटवून, खरवसासारखी मऊ थरथरती वडी पाडतात. शिजविलेला भोपळा, युबा, मिसोचे सार, भात आणि पिवळ्या मुळ्याच्या लोणच्याच्या दोन चकत्या असे बाकीचे पदार्थ होते. गुडघे मोडून टाचांवर बसण्याचा प्रयत्न मी केला, पण पाच मिनिटांत पायांना मुंग्या आल्या. बाईंनी मांडी घालण्याची परवानगी दिली, आणि मी घरच्यासारखा बसलो. काड्या भातात उभ्या रोवू नयेत आणि काडीने दिलेला घास दुसऱ्याने काडीने घेऊ नये, असे त्यांनी बजावले; या दोन्ही गोष्टी तेथे मृतांच्या विधीशी जोडलेल्या आहेत.

मग त्यांनी हात जोडले, मान किंचित लववून म्हटले, "इतादाकिमास."

तोच शब्द, वाचकहो. माझ्या गोष्टीतील म्हातारा-म्हातारीचा शब्द.

मी अर्थ विचारला. त्या शिक्षिका होत्या. प्रश्नाने त्यांचा चेहरा उजळला. मूळ क्रियापदाचा अर्थ 'डोक्याच्या वर धरणे' असा आहे. कोणी थोराने काही दिले की ते माथ्यापर्यंत उचलून स्वीकारावयाचे. त्यावरून 'नम्रपणे घेणे' असा अर्थ रूढ झाला. "कोणाकडून घेणे?" मी विचारले. त्या म्हणाल्या, "शिजविणाऱ्याकडून, पिकविणाऱ्याकडून, आणि ज्यांचा जीव आपल्या पानात आला त्या साऱ्यांकडून. भोपळ्याकडूनही." मग त्यांनी कागदावर तांदूळ या अर्थाचे चिन्ह काढले आणि ते उलगडून दाखविले. त्यातून आठ, दहा आणि आठ, म्हणजे अठ्ठ्याऐंशी, हे आकडे निघतात. एक दाणा पानात येण्यापूर्वी शेतकऱ्याला अठ्ठ्याऐंशी कष्ट पडतात, असे लहानपणी त्यांची आई त्यांना सांगत असे.

मी हात जोडले. पण माझे हात जुळून तेवढ्यावर थांबले नाहीत. देवळात तीर्थप्रसाद घेताना आपण जसा तो मस्तकी लावतो, तसा नकळत मी भाताचा वाडगा उचलून कपाळाशी नेला. बाईंनी ते पाहिले आणि त्या आश्चर्याने म्हणाल्या, "हो, तेच! अगदी तेच!" 'चला, जेवू या' हे भाषांतर किती उणे होते, हे मला त्या क्षणी कळले.

जेवण संपत आले. बाईंनी लोणच्याची शेवटची चकती राखून ठेवली होती. वाडग्यात थोडा गरम चहा ओतून, त्या चकतीने वाडगा आतून पुसून, त्यांनी तो चहा पिऊन टाकला. झेन मठांतील ही जुनी रीत आहे. ते पाहून माझ्या घशात काही अडकल्यासारखे झाले. माझे वडील जेवण झाल्यावर ताटात थोडे पाणी घालीत, बोटांनी ताट स्वच्छ करीत आणि ते पाणी पिऊन टाकीत. मी महाविद्यालयात असताना मित्र घरी आले की मला त्याची लाज वाटे. एकदा मी त्यांना तसे बोलूनही दाखविले होते. त्यानंतर माझ्या मित्रांसमोर त्यांनी तसे कधी केले नाही. आज ते हयात नाहीत.

"गोचिसोसामा," असे म्हणून बाई उठल्या. हा जेवणानंतरचा शब्द. यातील 'चिसो'ची दोन्ही अक्षरे धावण्याची आहेत. पाहुण्याला जेवू घालण्यासाठी यजमानाने जी धावपळ केली, तिचे ते स्मरण. कोणी तरी आपल्यासाठी धावले, हे उठण्यापूर्वी बोलून दाखवावयाचे.

सायंकाळी आम्ही केन्निन-जी या मंदिराजवळ चहासाठी थांबलो. १२०२ साली एइसाइ या भिक्षूने हे मंदिर स्थापले. चीनहून चहाचे बी आणून जपानात चहाचा प्रसार करणारा तो हाच. पुढे सोळाव्या शतकात सेन नो रिक्यू यांनी चहापानाला आजचे साधे, गंभीर रूप दिले. त्यांच्या परंपरेतील चहाच्या खोलीचे दार इतके बुटके असते की सरदारालाही तलवार बाहेर ठेवून, वाकून आत शिरावे लागे. प्रथम एक लहानशी मिठाई, मग हिरव्या चहाचा फेसाळ, कडसर वाडगा. तो हाती आल्यावर पाहुणा किंचित उचलतो, मान लववितो, मग वाडग्याची दर्शनी बाजू ओठांना लागू नये म्हणून तो थोडा फिरवून पितो. बाईंनी माझ्याकडे पाहून हळूच सांगितले की या उचलण्यालाही तेच क्रियापद आहे.

निरोप घेताना मी त्यांना विचारले, मंदिरातील स्वयंपाक कोणी केला होता? त्या म्हणाल्या, आत दोन स्त्रिया होत्या. आम्हां नऊ जणांपैकी कोणीही त्यांना पाहिले नव्हते.

रात्री ओसाकाहून मी आईला दूरध्वनी केला. सकाळच्या रश्श्याची गोष्ट आधी सांगून टाकली. ती क्षणभर गप्प राहिली. मग म्हणाली, "नकळत झालं, आणि तू सांगितलंस. आता मनाला लावून घेऊ नकोस. पण पुढच्या वेळी विचारून खा." मी तिला दुपारच्या जेवणाचे, त्या दोन शब्दांचे आणि वाडगा पुसण्याचे सांगितले. वडिलांचे नाव मी काढले नव्हते. तिने काढले.

"तुझे बाबा पानावरून उठताना 'अन्नदाता सुखी भव' म्हणायचे, आठवतं तुला?"

मला आठवत होते. ते मी जुन्या माणसांचे एक सवयीचे बोलणे समजत असे.

"मला ते आत स्वयंपाकघरात ऐकू यायचं," आई म्हणाली. "ते गेल्यापासून ऐकलं नाही."

डिसेंबरात मी इंदूरला गेलो. आईने पिठले-भात केला होता. जेवण झाले, ताटात पाणी घातले, आणि उठताना मी ते तीन शब्द उच्चारले. आवाज थोडा मोठाच झाला, सवय नव्हती. आतून काही उत्तर आले नाही. फक्त भांड्यांचा आवाज थोडा वेळ थांबला, आणि मग पुन्हा सुरू झाला.

तेव्हा, वाचकहो, ती जुनी गोष्ट आपल्या घरी अजून कोठे जपून ठेवलेली असेल, तर कृपा करून एवढी दुरुस्ती करून घ्यावी. म्हातारा आणि म्हातारी हात जोडतात, त्या ठिकाणी 'चला, जेवू या' हे शब्द खोडून 'हे मस्तकी लावून घेतो' असे वाचावे. गोष्टीच्या अखेरीस ती दोघे पानावरून उठताना जे म्हणतात, ते इंग्रजीत नव्हते, म्हणून मराठीतही आले नाही. त्याला मात्र नवा शब्द शोधण्याचे कारण नाही. तो आपल्यापैकी पुष्कळांच्या घरी पूर्वीपासूनच आहे. या चुकीबद्दल मी दिलगीर आहे.